सिंहगड (मूकपट, 1923)

कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचा, बाबूराव पेंटर यांनी दिग्दर्शित केलेला ऐतिहासिक मूकपट. हरि नारायण आपटे (1864–1919) यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ या कादंबरीवर तो आधारलेला आहे. ‘ईस्ट लिन’सारख्या व्हिक्टोरियाकालीन अतिनाट्यमय कादंबऱ्यांवर इंग्लंड-अमेरिकेत थेट मूकपट निघाले. मराठीत मात्र अतिनाट्याचा (मेलोड्रामाचा) हा प्रवाह आधी कादंबरीत मुरला आणि मग पडद्यावर आला. त्याचा ठळक पुरावा आपट्यांच्याच लेखनात सापडतो. त्यांची पहिली कादंबरी ‘मधली स्थिति’ (1885) इंग्रज कादंबरीकार रेनल्ड्सच्या ‘मिस्टरीज ऑफ ओल्ड लंडन’वर बेतलेली होती. रेनल्ड्सच्या कादंबऱ्या आठवड्याच्या हप्त्यांनी निघत. आपट्यांनीही 1890 साली सुरू झालेल्या आपल्या ‘करमणूक’ साप्ताहिकातून वाचकांना पुढच्या अंकाची वाट पाहायला लावली.

सिंहगडाची कथा तुळशीदास शाहिराच्या पोवाड्यातली असताना तिचे गोत्र लंडनात कशाला शोधायचे, हा आक्षेप रास्त आहे. तानाजी, शेलारमामा, रायबाचे लग्न ही पोवाड्याचीच देणगी. पण कादंबरीत गडाच्या मोहिमेला कमलकुमारीचे कथानक जोडलेले आहे: सती जायला निघालेली रजपूत स्त्री, तिला पळवून नेणारा उदयभानू आणि तिच्या सुटकेसाठी सरत चाललेला वेळ. ही मांडणी अतिनाट्याची आहे. ऐतिहासिक कादंबरीचा साचा वॉल्टर स्कॉटचा, आणि स्कॉट तर व्हिक्टोरिया गादीवर येण्यापूर्वीच वारला, असेही कोणी म्हणेल. साचा त्याचा हे मान्यच. पण वाचकाला हप्त्याहप्त्याने टांगून ठेवण्याचे कसब आपट्यांच्या हाताला रेनल्ड्सच्या वाटेने लागले असावे, असे ‘मधली स्थिति’वरून दिसते. मूकपटाला नेमकी अशीच अतिनाट्याची मांडणी हवी होती. संवाद ऐकू येत नसल्यामुळे खल कोण, सज्जन कोण हे मुद्रा आणि हावभावांवरूनच कळावे लागे. रात्रीच्या प्रसंगांसाठी पेंटरांनी कृत्रिम प्रकाश वापरला. त्या काळी ही मोठीच झेप होती. शेलारमामांची भूमिका तरुण व्ही. शांताराम यांनी केली आणि पुढे 1933 मध्ये ‘प्रभात फिल्म कंपनी’साठी हीच कथा त्यांनी बोलपटात आणली.

या अतिनाट्याशी ताडून पाहावा असा पेंटरांचा मूकपट ‘सावकारी पाश’ (1925) नारायण हरि आपटे यांच्या कथेवरचा. नावांच्या साधर्म्यामुळे या दोन आपट्यांची गल्लत होते. ‘सावकारी पाश’मध्येही खलनायक आहे, तो सावकार. मात्र ऐनवेळी धावून येणारा तानाजी तिथे नाही. जमीन गमावलेला शेतकरी शहरात जाऊन गिरणी कामगार होतो.