प्रतीचे माध्यम, प्रतीची शोकात्मिका

डॉन हर्ट्झफेल्ट (जन्म १९७६) या अमेरिकन अ‍ॅनिमेशनकाराच्या कारकिर्दीकडे केवळ तंत्राचा इतिहास म्हणून पाहिल्यास तिचे मर्म निसटते. ‘रिजेक्टेड’ (२०००) या लघुपटात नाकारल्या गेलेल्या काल्पनिक जाहिराती एकामागून एक येतात आणि अखेरीस, ज्या कागदावर पात्रे रेखाटली आहेत तो कागदच चुरगळू लागतो. जाहिरात-संस्कृतीचा हा उपहास ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोचला. परंतु इंटरनेटवर तो पसरला तो अनधिकृत प्रतींमधून. पुढील दशकभर हर्ट्झफेल्ट ३५ मि.मी. कॅमेरा, कागद आणि फिल्म यांच्या भौतिकतेलाच धरून राहिला. ‘वर्ल्ड ऑफ टुमारो’ (२०१५) हा त्याचा पहिला डिजिटल लघुपट. सन्डान्स महोत्सवातील पारितोषिकानंतर त्याच वर्षी त्याने तो इंटरनेटवर सशुल्क उपलब्ध केला. चार वर्षांच्या बालिकेच्या ध्वनिमुद्रित सहजोद्गारांभोवती त्याची संहिता रचलेली आहे: भविष्यातून आलेली तिची प्रतिकृती तिच्याकडून एक आठवण घेऊन जाते. येथे तंत्र आणि आशयसूत्र एकमेकांत मिसळतात. ज्या माध्यमात प्रत अमर्याद होते, त्याच माध्यमात हर्ट्झफेल्टने मूळाला आसुसलेल्या प्रतीला शोकात्म नायिकेचे स्थान दिले. त्याच्या स्वातंत्र्याचा अर्थ वितरणाच्या हक्काबरोबरच या निवडीतही शोधावा लागतो.