बाप कधी वारला, त्यावर लेकीचा वाटा

वाटपाच्या दाव्यांच्या बातम्या करताना वकिलांचा एक प्रश्न मी नेहमी ऐकायचो: वडील वारले कधी?

कायद्याने ९ सप्टेंबर २००५ पासून लेकीला वडिलोपार्जित मिळकतीत जन्मानेच मुलाइतका हक्क दिला. पण २०१५ मध्ये सुप्रीम कोर्टाच्या दोन न्यायमूर्तींनी 'प्रकाश विरुद्ध फुलवती'त सांगितलं, त्या दिवशी बाप हयात हवा. घटनेच्या कलम १४१ मुळे खालच्या कोर्टांना हे बंधनकारक. न्यायाधीशाला पटो न पटो, बाप २००४ ला गेला असेल तर अपिलात लेकीला बरोबरीचा वाटा नाही, बापाच्या हिश्श्यातला तुकडाच.

२०१८ ला 'दानम्मा' खटल्यात तितक्याच न्यायमूर्तींनी २००१ मध्ये वारलेल्या बापाच्या लेकींना वाटा दिला. झालं! भाऊ फुलवती दाखवणार, बहीण दानम्मा.

११ ऑगस्ट २०२० ला तीन न्यायमूर्तींनी 'विनीता शर्मा'त फुलवती मोडीत काढला. पण मधल्या काळात हरून, खर्चाला कंटाळून ज्या बहिणींनी पुढे अपीलच केलं नाही, त्यांचं काय? कायदा तोच, नशीब तारखेचं.

दावा अजून चालू असेल, तर प्राथमिक हुकूमनामा झाला असला तरी अंतिम होईपर्यंत हिस्से बदलून मागता येतात. वकिलाला नक्की विचारा.