सिंक्लेअर कंपनीचा गृहसंगणक आणि पुण्यातील ‘डीबी स्पेक्ट्रम’

महाराष्ट्रातील संगणकाच्या इतिहासात मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील ‘टिफ्रॅक’ (१९६०) आणि पुण्याच्या सी-डॅकचा ‘परम ८०००’ (१९९१) यांचा उल्लेख हटकून येतो. या दोहोंच्या दरम्यान त्याच पुण्यात घरच्या टेबलावर मावणारा एक संगणक तयार होत होता, याची नोंद मात्र क्वचितच घेतली जाते.

या संगणकाचे मूळ केंब्रिज येथील. रेडिओचे सुटे संच टपालाने विकणारे क्लाइव्ह सिंक्लेअर (१९४०-२०२१) यांनी १९८० मध्ये ‘झेडएक्स ८०’ हा संगणक शंभर पौंडांच्या आत उपलब्ध करून दिला. २३ एप्रिल १९८२ रोजी ‘झेडएक्स स्पेक्ट्रम’ जाहीर झाला. त्याची किंमत १२५ पौंडांपासून पुढे होती. या स्वस्ताईचे मर्म काटकसरीत होते. पडद्याऐवजी घरचा टीव्ही, साठवणुकीसाठी साधा कॅसेट रेकॉर्डर, अनेक चिपांचे काम करणारी एकच खास चिप आणि रबरी कळफलक. बेसिक भाषा यंत्रातच कायमची बसविलेली असे. कॅसेटवरील कर्कश ध्वनीतून आज्ञावली यंत्रात उतरण्यास काही मिनिटे लागत. आवाज कमीजास्त झाला की पुन्हा श्रीगणेशा!

भारतात १९८२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांनंतर टीव्हीचा प्रसार वाढला. ठाणे, डोंबिवली, कल्याण येथील नोकरदार कुटुंबांतही टीव्ही व टेपरेकॉर्डर रुळत होते. अशा घरांत संगणकाची निम्मी सामग्री आधीच हजर होती, असे म्हणता येईल. नोव्हेंबर १९८४ च्या संगणक धोरणाने या उद्योगावरील निर्बंधही सैल केले. तथापि शासनाच्या ‘क्लास’ या शालेय प्रकल्पात स्थान मिळाले ते अ‍ॅकॉर्न या केंब्रिजच्याच कंपनीच्या ‘बीबीसी मायक्रो’ला. अ‍ॅकॉर्नचे एक संस्थापक ख्रिस करी हे सिंक्लेअर यांचे पूर्वीचे सहकारी. ब्रिटनमध्ये बीबीसीचा करारही सिंक्लेअर यांच्या हातून याच कंपनीकडे गेला होता. शाळेचे दार असे दोन्हीकडे बंद झाल्यावर उरले ते घर.

१९८६ मध्ये पुण्याच्या डेसिबेल्स इलेक्ट्रॉनिक्स कंपनीने सुधारित कळफलकाच्या ‘स्पेक्ट्रम प्लस’ची परवानाप्राप्त आवृत्ती ‘डीबी स्पेक्ट्रम प्लस’ या नावाने बाजारात आणली. दुर्दैवाने त्याच वर्षीच्या एप्रिलमध्ये मूळ कंपनीला आपला संगणक व्यवसाय अवघ्या ५० लाख पौंडांत अ‍ॅमस्ट्रॅडला विकावा लागला. ‘क्यूएल’ संगणकाने निराशा केली होती, तर विजेवर चालणाऱ्या ‘सी५’ या तीनचाकीमुळे सिंक्लेअर यांचे हसे झाले होते.

परवान्याने पुण्यात उत्पादन आले, परंतु त्या यंत्राची पुढची पिढी घडविण्याचे बळ त्यातून लाभले नाही. आधीचेच यंत्र विकत राहावे लागले आणि दरम्यान कार्यालये व प्रशिक्षण वर्गांत आयबीएम पद्धतीचे संगणक स्थिरावले. काही हजार ‘डीबी स्पेक्ट्रम’ विकले गेल्यानंतर १९९० च्या सुमारास ही बाजारपेठ आटली. ‘परम ८०००’ पुढच्याच वर्षी पुण्यात साकारला.