रावबहादुर रणछोडलाल: कारकून, गिरणीवाले आणि नगराध्यक्ष

अहमदाबादेस बदली होऊन गेलेल्या मराठी गृहस्थाची पावले एकदा तरी गायकवाड हवेलीकडे वळतातच. १७५८ पासून १८१७ पर्यंत या नगरीवर पेशवे आणि गायकवाड यांचा जोडअंमल होता. त्या अंमलाची आठवण तेथील लोक फारशा प्रेमाने काढीत नाहीत, हेही त्याला तेथेच कळते. इंग्रजांच्या हाती शहर आले तेव्हा त्याची जुनी श्री उतरलेली होती, तट ढासळले होते, कारागीर पांगले होते. पुढे हेच नगर गिरण्यांचे माहेरघर झाले. हे परिवर्तन कोणा राजाने घडवून आणले नाही. त्याच्या मुळाशी एक बडतर्फ झालेला सरकारी कारकून होता, आणि म्हणूनच त्याचे चरित्र आम्हां नोकरपेशा मंडळींनी जरा निवांतपणे वाचावे, असे आम्हांस वाटते.

रणछोडलाल छोटालाल यांचा जन्म १८२३ मधला. जातीने ते नागर ब्राह्मण. गुजरातेत लेखणी आणि दरबार ही नागरांची परंपरागत क्षेत्रे, तराजू हा वाण्यांचा. संस्कृत आणि फारशी शिकून, इंग्रजीही आत्मसात करून रणछोडलाल रिवाजाप्रमाणे जकात खात्यात कारकून म्हणून लागले, आणि हुशारीच्या बळावर पंचमहालांत बऱ्याच वरच्या जागेपर्यंत चढले. तो मुलूख मूळ शिंद्यांचा. त्याचा कारभार १८५३ मध्ये इंग्रजांकडे आलेला. तेथेच त्यांच्यावर लाच घेतल्याचा आरोप आला आणि नोकरी गेली.

आपण निर्दोष आहोत असे त्यांचे अखेरपर्यंत म्हणणे होते. शंभर-दीडशे वर्षांनंतर त्या प्रकरणाचा निवाडा करण्याचा अधिकार आम्ही घेत नाही. परंतु फायलीतील एका शेऱ्याचे वजन किती असते, हे या पत्राच्या वाचकांना निराळे सांगावयास नको. तिशीतला, कुटुंबवत्सल, पेन्शनीच्या आशेवर असलेला मनुष्य एका हुकुमाने रस्त्यावर येतो. असे किती तरी लोक पुढले आयुष्य अर्ज आणि अपिले लिहिण्यात घालवितात. रणछोडलालांनी तसे केले नाही, कारण त्यांच्या डोक्यात नोकरीत असतानाच एक वेगळे खूळ शिरलेले होते.

ते खूळ म्हणजे वाफेवर चालणारी सूतगिरणी. विलायती सूत गावोगावच्या मागांवर येऊ लागले होते, कापूस मात्र गुजरातच्या शेतांतून परदेशी जात होता. येथेच कापूस कातावा, हा विचार त्यांनी वर्तमानपत्रांतून मांडला, भांडवलवाल्यांची दारे ठोठावली. अहमदाबादच्या सावकारांकडे पैसा उदंड होता, पण तो हुंडी, व्याज आणि अफू यांत फिरवायची त्यांना सवय. लोखंडी यंत्रांत, तेही एका नागराच्या भरवशावर, तो घालावयास कोण तयार होणार? मुंबईत कावसजी दावर यांची गिरणी निघाली, तेव्हा कोठे मंडळींचा धीर वाढला. कसेबसे भांडवल जमले. यंत्रांची मागणी इंग्लंडात दादाभाई नौरोजींच्या मार्फत नोंदविली गेली. आणि ती यंत्रे घेऊन निघालेले जहाज वाटेतच नष्ट झाले!

पुन्हा मागणी केली. अहमदाबादेस अजून आगगाडी पोचली नव्हती. मुंबईहून तेथवर लोहमार्ग झाला तो १८६४ मध्ये. तेव्हा यंत्रे खंबायतच्या बंदरात उतरवून पन्नासएक मैल बैलगाड्यांतून ओढीत आणावी लागली. ते अवजड लोखंड पाहून वाटेवरच्या खेडुतांना काय वाटले असेल, याची आम्ही केवळ कल्पना करू शकतो. अखेर ३० मे १८६१ रोजी शाहपूर भागात गिरणीचा भोंगा वाजला. चात्या अडीच हजार, कामगार पासष्ट. त्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटले आणि कापसाचे भाव आकाशाला भिडले. नव्या गिरणीला ही वेळ सोयीची नव्हती, पण ती तगली. १८६७ मध्ये बेचरदास लष्करींनी दुसरी गिरणी काढली, आणि शतक संपता संपता गिरण्यांची संख्या दोन डझनांच्या पुढे गेली. ज्या सावकारांनी सुरुवातीस हात आखडते घेतले होते, त्यांचीच मुले-नातवंडे गिरणीमालक झाली.

त्या काळच्या गिरणीतले काम सूर्य उगवल्यापासून मावळेपर्यंत चाले. स्त्रिया आणि मुले यांच्या तासांवर मर्यादा घालणारे कायदे १८८१ आणि १८९१ मध्ये झाले, तेही गिरणीवाल्यांच्या नाराजीतच. रणछोडलालांच्या दानशूरतेचे गोडवे गाणाऱ्यांनी हे पान उलटून टाकू नये.

संपत्ती आली, रावबहादुरी आली, पुढे सी. आय. ई. हा किताबही आला. ज्या सरकारने काढून टाकले त्याच सरकारने खुर्ची दिली. नगरपालिकेच्या कारभारात ते अनेक वर्षे होते, आणि १८८० नंतरच्या दशकात तिचे पहिले हिंदी अध्यक्ष झाले. आमच्या मते त्यांचे खरे मोठेपण येथे दिसते. तटाच्या आत दीड लाखाच्या जवळपास माणसे पोळांच्या चिंचोळ्या गल्ल्यांत कोंबलेली. घराघरांत खाळकुवे, त्यांना लागूनच विहिरी. पटकी आणि ताप यांचे ठाण तेथे नेहमीचेच. नदीचे पाणी नळाने आणावे आणि मैला भुयारी गटाराने न्यावा, ही रावबहादुरांची योजना. सधन घरांतून पावसाचे पाणी साठविण्याची टाकी असत, त्यांना नळाची निकड नव्हती; गरिबांना कराची धास्ती; सोवळ्याच्या लोकांना बाटण्याची भीती. तिन्ही वर्ग एकत्र आले. सभा झाल्या, अर्ज गेले. कर लादणारा मनुष्य कधी लोकप्रिय नसतो, तो स्वकीय असला तर अधिकच नाही.

ते बधले नाहीत. १८९१ मध्ये नळाचे पाणी शहरात आले. गटाराचे काम त्यांच्या हयातीत थोड्या भागापुरतेच झाले, पण सुरुवात झाली. त्यांना मुंबईच्या कायदे कौन्सिलातही जागा मिळाली. स्त्रियांची रुग्णालये आणि शिक्षणसंस्था यांस त्यांनी सढळ हाताने मदत केली. आम्हांस मात्र या देणग्यांपेक्षा तो अप्रिय करच अधिक मोलाचा वाटतो. देणगीने दात्याचे नाव दगडावर कोरले जाते, नळावर कोणी नाव शोधीत नाही.

१८९८ मध्ये त्यांचे निधन झाले. नातू चिनुभाई माधवलाल १९१३ मध्ये बॅरोनेट झाले, हिंदूंतील पहिले. नगराध्यक्षाच्या खुर्चीवर १९२४ ते १९२८ वल्लभभाई पटेल बसले. १९३० मध्ये तेथे आले गणेश वासुदेव मावळंकर, बडोद्यास जन्मलेले आणि अहमदाबादेत वकिली करणारे मराठी गृहस्थ, जे १९५२ मध्ये लोकसभेचे पहिले सभापती झाले. नळ आणि गटारे यांचे प्रश्न या दोघांच्याही कारकिर्दीत टेबलावर होतेच.