बचावपटूची वाटचाल

नांदेड-लातूरच्या मैदानांवर गोल करणाऱ्याचा जयजयकार होतो. गोल अडविणारा विसरला जातो. म्हणूनच मुंबईच्या राहुल भेके याची कारकीर्द विद्यार्थ्यांनी जाणून घ्यावी. ईस्ट बंगाल, केरळ ब्लास्टर्स, पुणे सिटी असे संघ बदलत हा बचावपटू बंगळुरूच्या संघात आला. १७ मार्च २०१९ रोजी इंडियन सुपर लीगच्या अंतिम सामन्यात, जादा वेळेत, त्याच्या एकमेव गोलाने गोव्याचा संघ पराभूत झाला. त्याच वर्षी, वयाच्या २८ व्या वर्षी, तो भारताकडून प्रथम खेळला. २०२२ मध्ये त्याच्याच गोलाने मुंबई सिटीने इराकच्या हवाई दलाच्या संघाला नमविले; आशियाई चॅम्पियन्स लीगमधील भारतीय क्लबचा तो पहिला विजय. पालकहो, दहावीच्या एका निकालावरून मुलाची किंमत ठरवू नका!