ताण आणि बहार

फारसीत 'बहार' म्हणजे वसंत. इराणात तो वर्षातून एकदा येतो. सांगोल्याच्या किंवा सटाण्याच्या डाळिंबबागेत मात्र बहार तीन आहेत : आंब्याला मोहोर येतो त्या सुमाराचा आंबिया, पावसाच्या तोंडावरचा मृग आणि पाऊस ओसरतानाचा हस्त. एका झाडाचे आणि दोन नक्षत्रांचे नाव जोडून मराठी शेतकऱ्याने एका फारसी ऋतूचे तीन ऋतू केले. बाग फारसी, बहार फारसी, हंगामही फारसीच. 'डाळिंब' तेवढे संस्कृतातल्या 'दाडिम'वरून आलेले. या शब्दांच्या सरमिसळीत एका झाडाचा आणि त्याच्या पाण्याचा इतिहास आहे.

डाळिंबाचे मूळ घर इराणपासून हिमालयाच्या उतारांपर्यंतचा पट्टा. हिमाचलात आणि जम्मूकडे आजही रानडाळिंब उगवते. त्याचे आंबट दाणे वाळवून अनारदाना करतात. या मुलखात हिवाळ्यात पाने गळतात, झाड निजते, वसंतात जागे होते आणि शरदात फळ देते. कधी निजायचे आणि कधी उठायचे, हे थंडी ठरवते. माणसाने पाहायचे ते उन्हाळ्यातले पाणी.

ते पाणी सोपे नव्हते. इराणातल्या यज्द शहरात वर्षाकाठी सरासरी साठेक मिलिमीटर पाऊस पडतो. तिथल्या बागा जगल्या त्या कनातींवर. कनात म्हणजे डोंगरपायथ्याच्या भूजलापासून गावापर्यंत हलक्या उताराने खणलेले भुयार. त्यातून येणारे पाणी पाळीने वाटले जाई आणि पाळी मोजली जाई वाडग्याने : तळाला भोक पाडलेले तांब्याचे वाडगे मोठ्या भांड्यातल्या पाण्यावर सोडायचे, ते भरून बुडाले की एक माप झाले. आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त मोजणारे घटिकापात्र याच जातीचे. तिथे मात्र त्यावर डाळिंबाचे पीक अवलंबून असे.

बाबराने १५०८-०९च्या सुमारास आजच्या जलालाबादजवळ बाग-ए-वफा वसवली. डाळिंबांनी भरलेल्या त्या बागेचे कौतुक त्याच्या आत्मचरित्रात आहे. हिंदुस्थानात आल्यावर बागांना वाहते पाणी नाही, ही त्याची मोठी तक्रार झाली. लाहोर-सरहिंदकडचे रहाटगाडगे त्याने बारकाईने टिपले; आग्र्याकडची बैलांची मोट त्याला कष्टाची आणि घाणेरडी वाटली. पण झाडे राजांच्या मतावर थांबत नाहीत. दख्खनेत डाळिंब मोटेच्याच पाण्यावर वाढले.

इथे अडचण वेगळी होती. दख्खनेत पानगळ घडवणारी थंडीच नाही. झाड बारमाही हिरवे राहते, अधूनमधून फुलत राहते, आणि धड एकही पीक हाती लागत नाही. त्यावर शेतकऱ्याने काढलेला उपाय म्हणजे ताण. आंबिया बहार धरायचा तर पाऊस संपल्यावर बागेचे पाणी तोडायचे : हलक्या रानात महिनाभर, भारी जमिनीत त्याहून अधिक. पाने पिवळी पडून गळतात. मग हलकी छाटणी, खत, आणि बेताने पहिले पाणी. आधी सोसलेल्या तहानेमुळे झाड एकदम फुटते आणि फुलते. हिवाळा नसलेल्या प्रदेशात तहानेतून तयार केलेला हा हिवाळा आहे. फळ तयार होताना मात्र पाण्यात खंड पडता कामा नये. कोरड्या रानाला एकाएकी भरपूर पाणी मिळाले की फळे तडकतात.

१९३६ साली पुण्याच्या गणेशखिंड फळसंशोधन केंद्रात डॉ. चीमा यांनी आळंदी वाणाच्या रोपांतून मऊ दाण्याचे झाड निवडले; तेच पुढे 'गणेश'. त्याचा गुल-ए-शाह या लाल परदेशी वाणाशी संकर झाला आणि त्या वंशात मृदुला व भगवा आले. १९९०पासून फळबाग लागवड रोजगार हमी योजनेला जोडली गेली, ठिबक आले, आणि पाचशे मिलिमीटरच्या आसपास पावसाच्या सांगोल्यात डाळिंबाने घरे उभी केली.

पुढे तेल्या आला. हा जिवाणूजन्य रोग दमट हवेत फोफावतो, म्हणून पावसाळ्यात फळ वाढवणारा मृग बहार धोक्याचा ठरला. पाण्याच्या दृष्टीने सर्वांत स्वस्त बहार हाच होता. तो सोडून आंबिया धरला तर फळ ऐन उन्हाळ्यात पोसावे लागते. त्यासाठी आणखी खोल बोअर, प्लॅस्टिक अंथरलेली शेततळी आणि दुष्काळात बागेला टँकर. तहान सोसणारे म्हणून लावलेले झाड असे उन्हाळ्यातल्या पाण्याशी बांधले गेले.

सटाणा-मालेगावच्या याच पट्ट्यात मोसम, आरम, गिरणा या नद्यांवर फड पद्धत होती. बंधाऱ्याचे पाणी गावाने ठरवलेल्या क्रमाने पाटकरी देत असे. यज्दच्या वाडग्याप्रमाणे तिथेही प्रत्येकाची पाळी सर्वांना ठाऊक असे. बोअरच्या पाण्याला पाळी नाही. जमिनीखालचे पाणी एकच असले, तरी ते उपसणारा प्रत्येक जण एकटा आहे. बागेला ताण कधी द्यायचा, हे दख्खनेच्या शेतकऱ्याने पिढ्यान्‌पिढ्या अचूक ओळखले. भूजलाला विसावा कधी द्यायचा, हे मात्र कोणी एकट्याने ठरवता येत नाही. त्यासाठी पुन्हा गावालाच एकत्र बसावे लागेल.