हायकोर्टातली याचिका मागे घेणं म्हणजे केस हरणं का?

‘याचिका मागे घेतली’ ही बातमी वाचली की ‘माघार’, ‘हरले’ अशा कमेंट्स सुरू होतात. प्रत्यक्षात अनेकदा याचिकाकर्ता लढाई सोडत नाही, फक्त योग्य अधिकाऱ्याकडे जातो.

कोर्ट परत का पाठवतं?

संविधानाच्या कलम २२६ नुसार सरकारी आदेशाला उच्च न्यायालयात आव्हान देता येतं. पण कायद्यातच अपिलाची सोय असेल, तर ‘आधी तिथे जा’ असं कोर्ट सहसा सांगतं. उदाहरणार्थ, महाराष्ट्र जमीन महसूल संहितेखालील तहसीलदाराच्या आदेशावर उपविभागीय अधिकाऱ्याकडे, म्हणजे प्रांताकडे अपील करता येतं.

या नियमाला अपवाद आहेत. सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या व्हर्लपूल प्रकरणात ते सांगितले: मूलभूत हक्कांचा प्रश्न, बाजू न ऐकता दिलेला आदेश, अधिकार नसताना दिलेला आदेश किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. अशा वेळी अपिलाची सोय असली तरी हायकोर्ट याचिका ऐकू शकतं.

मग मागे का घ्यायची?

न्यायमूर्तींचा कल दिसला की वकील अनेकदा याचिका मागे घेण्याची परवानगी मागतात. कोर्टाने गुणदोषांवर प्रतिकूल मत नोंदवून याचिका फेटाळली, तर पुढे अपिलात तेच आडवं येऊ शकतं. मागे घेतली तर सहसा सगळे मुद्दे खुले राहतात.

आदेशात काय लिहिलंय?

खरी गोम इथे आहे. सरगुजा ट्रान्सपोर्ट सर्व्हिस प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं, की नव्याने याचिका करण्याची मुभा न घेता याचिका मागे घेतली, तर त्याच कारणासाठी कलम २२६ खाली पुन्हा हायकोर्टात येता येत नाही. दिवाणी दाव्यासारखे इतर मार्ग मात्र त्यामुळे आपोआप बंद होत नाहीत.

म्हणून आदेशात तीन गोष्टी पाहाव्यात:

• अपील करण्याची आणि गरज पडल्यास पुन्हा कोर्टात येण्याची मुभा
• सर्व मुद्दे खुले ठेवल्याचा उल्लेख
• अधिकाऱ्याने ठरावीक मुदतीत निर्णय द्यावा, असा निर्देश

मुदतीचं काय?

जमीन महसूल संहितेत जिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर अपिलासाठी ६० दिवस आहेत. कोर्टात महिने गेले तर ही मुदत उलटून जाते. अशा वेळी अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो. ‘आम्ही प्रामाणिकपणे हायकोर्टात दाद मागत होतो’ हे कारण तिथे मांडता येतं, पण माफी हक्काने मिळत नाही.

आणि स्थगिती?

याचिकेत मिळालेली अंतरिम स्थगिती याचिकेबरोबरच संपते. घर पाडण्याची नोटीस असेल, तर हा धोका फार मोठा आहे. त्यामुळे अपील दाखल करेपर्यंत काही आठवडे संरक्षण द्यावं, अशी विनंती याचिका मागे घेतानाच करावी लागते. ती मान्य करायची की नाही, हे कोर्ट ठरवतं.

थोडक्यात, याचिका मागे घेणं म्हणजे हार नव्हे. पण आदेशातली एक ओळ राहून गेली, तर हायकोर्टाचा दरवाजा बंद होऊ शकतो.